दीड मिनिटाचं गाऱ्हाणं

विशेष मुलांच्या कार्यशाळेत शिकवत असल्यामुळे अशा माणसांवरचे माहितीपट मी जरा धास्तीनेच लावते. व्हायोलिन वाजवून रडवतात मेले! फिनलंडचा ‘कोवासिकायुत्तु’ (२०१२) तसा नाही. पेर्त्ती, कारी, सामी, तोनी हे बौद्धिक अक्षमता असलेले चौघे पंक (रॉकचा धांगडधिंग्याचा, बंडखोर प्रकार) वादक त्यात आहेत तसे दिसतात. भांडतात, शिव्या घालतात. पुढे २०१५मध्ये ते फिनलंडतर्फे युरोव्हिजन या देशोदेशींच्या गाण्यांच्या स्पर्धेसाठी व्हिएन्नाला गेले. गाणं जेमतेम दीड मिनिटाचं, त्या स्पर्धेच्या इतिहासातलं सर्वांत छोटं. त्यात नुसतं गाऱ्हाणं: साफसफाई करा, भांडी घासा, डॉक्टरकडे जा, गोड खाऊ नका! उपांत्य फेरीतच बाहेर पडले. आमच्या पालकसभेत ते गाणं मोठ्या आवाजात लावायचंय मला. मोठ्या बाई काय म्हणतील ते म्हणोत.