बोटीचा ट्रेलर घेऊन घाट उतरताना: ब्रेक आहेत, पण पुरतात का?

पहिले दोन दिवस सपाट रस्ता. त्याबद्दल लिहिण्यासारखं काही नाही. ‘ट्रेलरला स्वतःचे ब्रेक आहेत, उताराची काळजी नको’ या सल्ल्याचा फोलपणा तिसऱ्या दिवशीच्या लांबलचक उतारावर कळतो.

हे ब्रेक म्हणजे सर्ज ब्रेक, ट्रेलरच्या रेट्यानेच लागणारे. त्यांना तुमच्या पायाचं काही कळत नाही. गाडी मंदावली की ट्रेलर मागून रेटतो, कपलर (गाडीला जोडणारा भाग) आत सरकतो आणि मास्टर सिलिंडर (ब्रेक ऑइलला दाब देणारा) दाबला जातो. लोअर गिअरमध्ये इंजिनाने वेग धरून ठेवला, तरी ट्रेलर रेटतच असतो. म्हणजे तुमचा पाय पेडलवर नसतानाही त्याचे ब्रेक घासत राहतात. चाकातला ड्रम तापून फुगतो, त्याला आतून घासणाऱ्या शूपासून लांब जातो, कपलरला आणखी आत यावं लागतं. तो टेकला की पुढे ब्रेक नाही.

म्हणून उताराच्या माथ्यावरच वेग पाडा, गिअर खालचाच ठेवा. ब्रेक थोडा वेळ पण ठाम दाबा आणि पूर्ण सोडा; पाय टेकवून ठेवणं सगळ्यात वाईट. थांबलात की हबजवळ (चाकाच्या मधल्या भागाजवळ) हात न्या, लावू नका. एकच चाक जास्त तापलं असेल तर तिथला शू किंवा कॅलिपर (डिस्क ब्रेकमधली पकड) अडकलाय, नाहीतर बेअरिंग बिघडलंय.

कपलरच्या दांड्यावर ग्रीस पुसून चकचकीत झालेला पट्टा दिसतो. तो लांबत चालला तर ड्रम अ‍ॅडजस्ट करा: चाक उचला, पुढच्याच दिशेने फिरवत स्टार व्हील (शू ड्रमच्या जवळ-लांब करणारं दातेरी चाक) आवळा, मग जेमतेम घासेल इतकं सैल करा. ड्रमऐवजी डिस्क ब्रेक बसवले असतील तर मास्टर सिलिंडरही डिस्कचाच हवा. ड्रमच्या सिलिंडरमधला व्हॉल्व्ह थोडा दाब अडवून ठेवतो, पॅड कायम घासत राहतात. हा ‘जुगाड’ विकणारे भेटतात. घेऊ नका.

ब्रेक ऑइल दमट हवेतलं पाणी शोषतं. डॉट 3 नवं असताना किमान 205 अंशांना उकळतं, पाणी मुरल्यावर 140 ला. उकळलं की पेडल ठीक वाटतं (ते गाडीचं आहे!), ट्रेलर मात्र रेटत राहतो. ऑइल बदलून हवा काढताना सगळ्यात लांबच्या चाकापासून सुरुवात करा.

उतरून थेट बोट पाण्यात सोडायच्या रॅम्पवर जाऊ नका. तापलेला हब थंड पाण्यात गेला की आतली हवा आकसते आणि सीलमधून पाणी ओढलं जातं. अर्धा तास थांबा, लाइटचा प्लग काढा, मगच मागे घ्या. मागे घेताना चढ लागत असेल आणि ब्रेक फ्री-बॅकिंग (मागे जाताना आपोआप सुटणारे) नसतील, तर कपलरला आत सरकू न देणारी रिव्हर्स लॉक पिन लावा. आणि निघताना काढा. ती विसरली, तर पुढच्या उताराला ट्रेलरला ब्रेकच नाहीत.