मानेमागची चार बोटं

क्योतोतल्या जुन्या पद्धतीच्या एका सरायीत मी पहिल्यांदा युकाता, म्हणजे साधा सुती किमोनो, अंगावर चढवला. चहा घेऊन आलेल्या बाईंनी एक नजर टाकली, तोंडावर हात धरला आणि स्वतःच्या गळपट्टीकडे बोट दाखवलं. डावी बाजू वर हवी. मी उजवी वर घेतली होती. तशी फक्त मृतदेहाला नेसवतात, हे मागाहून कळलं.

तेव्हापासून जपानी सिनेमात माझी नजर आधी गळपट्टीवर जाते. किमोनो अंगाचे चढउतार मिटवून टाकतो; कंबर सपाट दिसावी म्हणून आत टॉवेलसुद्धा गुंडाळतात. उरते ती मान. बायकांची गळपट्टी मागे ओढलेली असते, गेशांची, म्हणजे नाचगाण्याने मनोरंजन करणाऱ्या व्यावसायिक कलावतींची, जरा जास्तच, आणि त्यांनी चेहऱ्या-मानेला लावलेल्या पांढऱ्या रंगातून मानेवर कातडीची दोन-तीन टोकं मुद्दाम कोरी सोडलेली असतात. शृंगारिक सिनेमाचा कॅमेरा तिथेच घुटमळतो. लावणीत नऊवारी चापूनचोपून नेसूनच सगळं घडतं, तेव्हा मराठी माणसाला हे समजावून सांगायला नको.

मग येते ओबी, किमोनोवर कमरेला गुंडाळायचा रुंद पट्टा. चार मीटरच्या आसपास कापड, खाली बंदावर बंद. ऐतिहासिक विनोदी प्रसंगांत दुष्ट अधिकारी ओबीचं टोक ओढतो आणि बाई भोवऱ्यासारखी गरगरते. साफ खोटं! खरी ओबी सुटायला वेळ लागतो, आणि दिग्दर्शकाला तोच वेळ हवा असतो. किमोनोचं वरचं कापड करडं-निळं, आतलं लाल. चालताना त्याची कड तेवढी दिसते. निक्कात्सु कंपनीने 1971पासून कमी खर्चाचे कामुक चित्रपट काढले. काय दाखवायचं नाही हे तिथे ठरलेलं होतं, त्यामुळे गळून पडणाऱ्या कापडाला झाकायचंही काम करावं लागे.

दिग्दर्शक नागिसा ओशिमांनी 1976च्या ‘आई नो कोरीदा’ (‘इन द रेल्म ऑफ द सेन्सेस’) या सिनेमात ही झाकपाक झुगारली. चित्रीकरण जपानमध्ये, पण तिथली सेन्सॉरशिप टाळायला फिल्म धुतली फ्रान्समध्ये. गोष्ट 1936ची, खरी: सादा आबे नावाच्या बाईने प्रियकराचा गळा आवळला तो कमरेच्या बंदाने. पण माझ्या मनात राहिला तो रस्त्यावरचा प्रसंग. एका बाजूने सैनिक कूच करताहेत, मुलं झेंडे हलवताहेत, आणि तिचा प्रियकर भिंतीच्या कडेने उलट दिशेला एकटाच निघालाय, किमोनोत.

त्याची कुठली बाजू वर आहे, हे मी दोनदा मागे नेऊन पाहिलं. डावीच होती.