रेबेंजुकचा मोरोमेते

आज परत 'मोरोमेत्सी' हा रोमानियन सिनेमा पाहिला, दिग्दर्शक स्तेरे गुल्याचा, 1987 चा, ब्लॅक अँड व्हाइट. झोप उडालीये, तर त्यातल्या व्हिक्टर रेबेंजुक या नटाबद्दल कधीचं लिहायचंय ते लिहूनच टाकते.

यात तो इलिए मोरोमेते. रोमानियात डॅन्यूबकडच्या मैदानातला शेतकरी, दुसरं महायुद्ध जवळ आलेलं, शेतसारा थकलेला, कर्ज डोक्यावर, पहिल्या बायकोची तिन्ही पोरं बापावर धुमसतायत आणि धाकट्याला शाळेत जायचंय. पैशासाठी हा बाप्या परसातलं भलंमोठं झाड मुलाला घेऊन तोडतो, शेजाऱ्याला विकायला. रेबेंजुक तिथे काही म्हणजे काही 'करून दाखवत' नाही हो! आणि वसुलीवाले येतात तेव्हा जो मिश्किल, वेळकाढू, ताकाला जाऊन भांडं लपवणारा माणूस दिसतो ना, तोच पुढे पोरं घोडे घेऊन बुखारेस्टला पळाल्यावर आतून मोडतो, आणि ते मोडणं नुसत्या बघण्यातून कळतं. मारिन प्रेदाची मूळ कादंबरी तिकडे घरोघरी माहीत, म्हणजे प्रत्येकाच्या डोक्यात आपापला मोरोमेते असणार, तरी आता चेहरा याचाच.

जन्म बुखारेस्टचा, 1933 चा. माणूस मूळ नाटकाचा, बुलांद्रा थिएटरमध्ये वर्षानुवर्षं काम केलेला. तिशीच्या सुरुवातीला त्याला लिव्हिउ च्युलेईने 'फाशी गेलेल्यांचं जंगल' सिनेमात बोलोगाचा रोल दिला. पहिल्या महायुद्धात ऑस्ट्रिया-हंगेरीच्या सैन्यातला रोमानियन अफसर, आधी दुसऱ्याच्या फाशीच्या बाजूने मत देतो आणि शेवटी स्वतःच फासावर जातो. च्युलेईला 1965 ला कान्समध्ये दिग्दर्शनाचं बक्षीस मिळालं. मला विचाराल तर त्यातला अर्धा वाटा बोलोगाच्या डोळ्यांचा.

पण मला तो आवडतो ते नुसत्या अभिनयासाठी नाही. दिग्दर्शक पिंतिलिएचा 'मितिका, घंटा का वाजतायत' 1981 ला झाला, त्यात हा होता, आणि सरकारने तो सिनेमा डब्यात टाकला तो थेट हुकूमशहा चाउशेस्कू गेल्यावरच लोकांना दिसला. इतकी वर्षं केलेलं काम कोणी बघूच शकत नाही, नटाला काय वाटत असेल! मग डिसेंबर 1989, क्रांतीचे दिवस, हा टीव्हीवर आला तो टॉयलेट पेपरचा रोल घेऊन. कालपर्यंत चाउशेस्कूचे गोडवे गाणाऱ्यांनी बोलण्याआधी तोंडं पुसून घ्यावीत म्हणून. त्यानंतर नाटक-सिनेमाच्या अकादमीचा प्रमुखही झाला, नवीन पोरं घडवली.

आणि 2009 चा 'मेडल ऑफ ऑनर' बघाच. पंचाहत्तरी ओलांडलेला रेबेंजुक, त्यात एक साधा पेन्शनर, बायको घरात असून बोलत नाही, मुलगा कॅनडात, आणि अचानक सरकारकडून जुन्या युद्धासाठी मेडल येतं. खरं काय केलं होतं ते आठवत बसतो बिचारा. एवढा ताठ माणूस असा केविलवाणा, मानासाठी आसुसलेला म्हातारा किती मायेने करतो, कुठेही त्याला हसत नाही.

कोणाला सुरुवात करायची असेल तर आधी मोरोमेत्सी, मग बोलोगा. मेडलवाला शेवटी ठेवा, तोवर हा माणूस ओळखीचा झालेला असेल.