डाव्या कोपऱ्यातली राणी

पक्षाघाताच्या वॉर्डात कॅरम मांडला की नातेवाईक आधी कॅरमकडे बघतात, मग बिलाकडे. "मॅडम, बाबांना इथे खेळवायला आणलंय का?" काकांच्या मुलानं विचारलंच. त्याला काय बोलणार? राऊंडला येणारे डॉक्टरसुद्धा 'चालू द्या टाइमपास' म्हणून पुढे जातात. मुंबईच्या केईएममध्ये कमला निंबकरांनी ऑक्युपेशनल थेरपीचं, म्हणजे रोजची कामं पुन्हा जमवून देणाऱ्या उपचारांचं, शिक्षण सुरू केलं 1950 साली, आणि आम्ही अजून 'फिजिओवाल्या ताई'च.

काकांच्या मेंदूत उजवीकडे गुठळी. डावा हात लुळा पडला होताच, पण डावीकडचं जगच त्यांच्या लेखी उरलं नव्हतं. डोळे शाबूत, लक्षच तिकडे जात नाही. दाढी करायचे तीही उजव्या गालापुरती. काकू डब्यातलं ताटात रीतीनं वाढायच्या, भाजी-आमटी उजवीकडे, मीठ-लिंबू-चटणी डावीकडे. काकांची रोजची कुरकुर, "चटणी विसरलीस."

कॅरम मी असा लावते: डाव्या कडेला लाल चिकटपट्टी, लुळा हात चौकटीवर, तळवा पसरून, म्हणजे त्यावर थोडा भार येतो आणि खांदा लोंबत नाही. सोंगट्या डावीकडे जास्त. बोरिक पावडर हवीच. स्ट्रायकर अडला की जुना खेळाडू वैतागतो आणि उठायचं म्हणतो. दर फटक्याआधी नजर पट्टीपर्यंत न्यायची, मग नेम धरायचा.

त्या दिवशी काका म्हणाले, "पांढऱ्या संपल्या." डावीकडे चांगल्या चार पडल्या होत्या. समोर आमचा वॉर्डबॉय, पक्का खेळाडू. तो म्हणाला, "मग राणी मी घेतो." मी तोंड उघडायच्या आत काकांची मान वळली, थेट पट्टीपर्यंत. डाव्या कोपऱ्यातली राणी घेतली आणि कव्हरही डावीकडच्याच पांढरीचं. मुलानं मोबाईल खिशात टाकला.

तासाभरानं जेवण. चटणी तशीच. "विसरलीस."

बोर्डावरचं ताटात उतरेलच असं नाही, हे आमच्या कामातलं जुनं दुखणं. पण मान वळवली कोणी, माझ्या पट्टीनं की वॉर्डबॉयच्या चिथावणीनं? चटणी तर कोणी पळवत नव्हतं. फाईलमध्ये श्रेय पट्टीला देताना पेन अडलं.

मग मुलाला म्हटलं, उद्या बाबांच्या डावीकडे बसा, आणि त्यांना सांगून त्यांच्या चटणीत पोळी बुडवा.

"हे बिलात काय म्हणून लावणार?" तो म्हणाला.