मधले आठ तास

स्लो कुकर, म्हणजे मंद धगीवर तासन् तास शिजवणारं विजेचं भांडं, पहिल्यांदा वापरणाऱ्या मराठी माणसाची मोठी पंचाईत होते ती शिट्टी नसल्यामुळे. झालं की नाही कळणार कसं? बरं, झाकण उचलून डोकवावं तर कोंडलेली ऊब निघून जाते आणि वेळ आणखी लांबतो. तेव्हा गप्प बसायचं. अमेरिकेत राहून मेक्सिकन पद्धतीचे घोटलेले घेवडे, म्हणजे फ्रिहोलेस रेफ्रितोस, घरी करायला लागले तेव्हा हे गप्प बसणं मला सगळ्यात जड गेलं.

खरं तर हे यंत्र जन्मलंच घेवड्यासारख्या शेंगांतल्या दाण्यांसाठी! शिकागोच्या अर्व्हिंग नॅक्सनला १९४० साली त्याचं पेटंट मिळालं. त्याची आई मूळची लिथुआनियातली ज्यू. तिच्या गावात शुक्रवारी संध्याकाळी चोलंटचं भांडं बेकरीच्या भट्टीत नेऊन ठेवायचे. साबाथला, म्हणजे ज्यूंच्या विश्रांतीच्या दिवशी, विस्तव पेटवायचा नाही, म्हणून निवत जाणाऱ्या भट्टीच्या धगीवर घेवडे, बटाटे, मांस रात्रभर शिजायचं. आईकडून हे ऐकलेल्या लेकाने ती धग विजेवर आणली. त्याच्या यंत्राचं नावच पडलं ‘नॅक्सन बीनरी’. १९७० मध्ये रायव्हल कंपनीने त्याचा धंदा विकत घेतला आणि पुढच्याच वर्षी तेच यंत्र ‘क्रॉक-पॉट’ म्हणून घरोघरी जाऊ लागलं.

गंमत अशी की, ज्याच्यासाठी हे भांडं निघालं, तो घेवडा त्यात थेट टाकायची सोय नाही. कच्च्या घेवड्यात फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं एक द्रव्य असतं. लाल राजम्यात ते सर्वांत जास्त, पण फ्रिहोलेसला लागणारा पिंटो, म्हणजे ठिपक्यांचा घेवडा, तोही त्याच जातीचा. खळखळत्या पाण्यात ते मरतं. मंद आचेवर, ८० अंशांच्या आसपास रेंगाळलं तर उलट जास्त बाधतं, आणि मग तासा-दोन तासांत उलट्या. म्हणून रात्रभर भिजवायचे, ते पाणी ओतून द्यायचं, नव्या पाण्यात गॅसवर सणसणीत उकळायचे. कुणी दहा मिनिटं पुरेत म्हणतं, अमेरिकेचं अन्न व औषध प्रशासन तीस सांगतं. मी तीस धरते. पोटाशी घासाघीस कशाला?

त्यानंतरचे आठ तास मात्र बिनधास्त यंत्राच्या हवाली. अर्धा कांदा, लसणाच्या पाकळ्या, मीठ. एपासोते या मेक्सिकन पाल्याची काडी मिळाली तर उत्तम. वास पहिल्यांदा रॉकेलसारखा येतो, पण घाबरू नये. टोमॅटो, लिंबू असलं आंबट काही दाणे मऊ होईपर्यंत घालायचं नाही, नाहीतर सालं चिवट राहतात. पिंटो हा उत्तर मेक्सिकोचा. खाली व्हेराक्रूझ, ओआहाका, युकातानकडे काळा घेवडा. ओआहाकात त्यात अ‍ॅव्होकाडोचं पानही पडतं. आपल्या कोरेगावचा वाघ्या घेवडा याच जातीतला, अमेरिका खंडातून आलेल्या बियांच्या वंशातला. सुटीहून परतणाऱ्या कुणी आणला तर मी तोच लावते. कुकरमध्ये हे काम पाऊण तासात उरकतं, कबूल. पण दाणा अख्खा राहून आतून लोण्यासारखा व्हावा आणि पाण्याला दाटपणा यावा, हे मंद आचेचंच काम.

आणि इथेच बऱ्याच पाककृती फसवतात. दाणे भांड्यातच ठेचा, झालं, असं सांगतात. होतं ते छान. पण मग ते घट्ट वरण. लोखंडी तवीत डुकराची चरबी तापवायची, कांदा चांगला तांबूस करायचा, दाणे त्यांच्या पाण्यासकट पळीपळीने घालत ठेचायचे आणि परतत राहायचं, उलथनं फिरवल्यावर तळ क्षणभर दिसेपर्यंत. चरबी नको असेल त्यांनी तेल घ्यावं. साजूक तूपही चालतं, फक्त पदार्थ मग आपल्या बाजूला झुकतो. ही दहा मिनिटं कुठलंही बटण करून देत नाही.

पाणी थोडं राखून ठेवावं, कारण दुसऱ्या दिवशी हे प्रकरण फ्रीजमध्ये चांगलंच आळून बसतं. ते पाणी शिंपडून सैल करायचं, उभा चिरलेल्या पावावर थापायचं, वर चीज, आणि ओव्हनमध्ये. याला मेक्सिकोत मोयेते म्हणतात आणि तो न्याहारीला खातात. बोलियो पाव नसला तर साधा चालतो. वरून कच्चा कांदा, टोमॅटो, हिरवी मिरची, कोथिंबीर. ते चिरायला तरी आपल्याला कुणी शिकवायला नको.