बारा बायका, नऊ दिवस

भाच्याने वही पुढे सरकवली तेव्हा उत्तराला चौकटसुद्धा करून झाली होती: नऊ दिवस. गणित असं, ८ बायका एका शेताची भातलावणी ६ दिवसांत उरकतात, तर १२ बायकांना किती दिवस लागतील? आठाला सहा तर बाराला नऊ. मांडणी सुबक, आकडेमोड बिनचूक.

आई शेजारी गवार मोडत बसली होती. तिचं माहेर रोह्याकडचं, लहानपणीचे पावसाळे चिखलात तरवा, म्हणजे भाताची रोपं, उपटून मुठी बांधण्यात गेलेले. ती शांतपणे म्हणाली, "मग कुणालाच बोलवू नकोस. लावणी आत्ताच झाली म्हणायची."

त्याला ते कळायला जरा वेळ लागला. मग खोडरबर निघालं.

आठवीच्या पुस्तकात हे 'व्यस्त चलन'. आमच्या घरात अजून त्रैराशिकच म्हणतात. भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमारास 'लीलावती'त व्यस्त त्रैराशिक सांगितलं, त्यात एक बैल आहे. दोन धुरा वाहिलेल्या, म्हणजे दोन वर्षं जुवाखाली राबलेल्या, बैलाची किंमत ४ निष्क (तेव्हाचं नाणं), तर सहा धुरा वाहिलेल्याची किती? दोन चोक आठ, भागिले सहा, म्हणजे एक पूर्णांक एक तृतीयांश निष्क. जितका जास्त राबला तितका स्वस्त. हे उदाहरण वाचलं की मला गणितापेक्षा तो बैलच आठवत राहतो.

"आधी न हलणारा आकडा शोध," मी म्हटलं. ८ गुणिले ६, ४८.

"पण मामा, अठ्ठेचाळीस काय? बायका की दिवस?"

मी अडकलो. पुस्तक त्याला चलनाचा स्थिरांक म्हणतं, आणि आठवीतल्या पोराला त्यातून काडीचाही बोध होत नाही. उत्तर गवारीच्या ताटापलीकडून आलं. "रोज. एका बाईचं एका दिवसाचं काम म्हणजे एक रोज. त्या शेताला अठ्ठेचाळीस रोज लागतात. बायका किती आणायच्या ते तुमचं तुम्ही बघा."

मग तो सुटलाच. १२ बायका, ४ दिवस. १६ बायका, ३ दिवस. स्वतःहून ७ घेतल्या आणि सहा पूर्णांक सहा सप्तमांशाशी येऊन थांबला.

"सातव्या दिवशी जरा लवकर सुटतील," आई म्हणाली, "पण रोज पुरा द्यावा लागेल."

म्हणजे ४९. स्थिरांक एका रोजाने हलला होता. मी ते बोललो नाही, उद्या त्याची चाचणी होती.

पुढचं गणित वसतिगृहाचं. ४० मुलांना १५ दिवस पुरेल एवढं धान्य आहे, आणखी १० मुलं आली तर किती दिवस पुरेल? त्याने आधी ६०० लिहिलं, मग ५० ने भागून १२. वही थेट आजीपुढे धरली.

आजीने चष्मा वर केला. "ही नवीन दहा कितवीतली रे?"