टीचर, तीस वर्षांची मुदत घेऊ का?

घराचं कर्ज किती वर्षांसाठी घ्यावं, असं तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. गोव्यात फोंड्याजवळच्या एका हायस्कुलात मी एकतीस वर्षं गणित शिकवलं. माझे विद्यार्थी आता कुंडई-वेर्ण्याच्या कारखान्यांत, पणजीच्या कचेऱ्यांत नोकरीला आहेत. फ्लॅट घ्यायची वेळ आली की त्यांतले बरेच जण माझ्याकडे येतात. चहा होईपर्यंत गप्पा कोकणीत चालतात, मग पिशवीतून कागद निघतो आणि ठरलेला प्रश्न येतो, "टीचर, तीस वर्षांची मुदत घेतली तर हप्ता कमी बसतो. घेऊ का?"

माझं उत्तर "नको" असं आहे. पण नुसत्या "नको"चा कुणाला उपयोग होत नाही, कारण समोरच्याच्या कागदावर कुणीतरी पेनाने गोल करून दिलेला हप्त्याचा आकडा असतो आणि तो आकडा पगारात बसतो. म्हणून मी वही काढते.

फ्लॅट ५० लाखांचा धरा, कर्ज ४० लाखांचं, व्याज साडेआठ टक्के. वीस वर्षांना हप्ता येतो ३४,७१३ रुपये. पंचवीस वर्षांना ३२,२०९ आणि तीस वर्षांना ३०,७५७. वीस आणि तीसमध्ये महिन्याला चार हजारांचा फरक, आणि मुलांना दिसतो तो एवढाच. आता हप्त्याला महिन्यांनी गुणा. वीस वर्षांत ८३ लाख ३१ हजार जातात, पंचवीस वर्षांत ९६ लाख ६३ हजार, आणि तीस वर्षांत १ कोटी १० लाख ७२ हजार. घर तेच, त्याच दोन खोल्या. महिन्याचे चार हजार वाचवण्यापायी २७ लाख ४१ हजार जास्त भरायचे.

हा गुणाकार सातवीतल्या मुलालाही येतो. पण त्याच्या आत एक गोष्ट दडलेली असते, ती गुणाकारात दिसत नाही. वीस वर्षांच्याच कर्जाचा पहिला हप्ता बघा. ३४,७१३ पैकी २८,३३३ रुपये व्याज. मुद्दलात जातात फक्त ६,३८०. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरलेत तर तुमच्या खिशातून २० लाख ८३ हजार गेलेले असतात आणि मुद्दल कमी झालेलं असतं ४ लाख ७५ हजार. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावं वर्ष उजाडतं. अर्धं कर्ज फिटायला चौदावं. यात कुणी फसवत नाही. उरलेल्या शिलकेवर व्याज लागतं, सुरुवातीला शिल्लक मोठी असते, म्हणून व्याजही मोठं. साधा हिशेब आहे, पण तो सही करण्याआधी माहीत असायला हवा.

मला तो माहीत नव्हता. खरं सांगायचं तर मी तो वर्गात शिकवत होते आणि स्वतःच्या कागदावर बघितला नव्हता.

१९९८ साली आम्ही फोंड्यात फ्लॅट घेतला. कर्ज ४ लाखांचं, व्याज १४ टक्के, मुदत पंधरा वर्षं, हप्ता ५,४२७ रुपये. तेव्हा कर्ज देणाऱ्या बऱ्याच संस्था व्याजाची आकारणी वर्षाच्या सुरुवातीच्या शिलकेवर करत. आपण दर महिन्याला पैसे भरत राहायचं, पण मुद्दल कमी झालेलं धरायचं वर्ष संपल्यावर. आमची संस्थाही तशीच होती. दर महिन्याच्या शिलकेवर आकारणी असती तर हप्ता शंभर रुपयांनी कमी आला असता. हे मला नंतर कळलं.

२००३ च्या एप्रिलमध्ये आयकरासाठी व्याजाचा दाखला आणायला गेले. दाखल्याच्या खालच्या ओळीत शिल्लक लिहिली होती ३ लाख ३९ हजार. मला वाटलं, कारकुनाने जुना आकडा घातला. घरी येऊन बेरीज केली. पाच वर्षांत आम्ही ३ लाख २५ हजार भरले होते. घेतले होते ४ लाख. फिटले होते साठ हजार. त्या पाच वर्षांत आम्ही चवथीला, म्हणजे गणपतीत, नवी कापडं घेतली नव्हती, सासूबाईंचं मोतीबिंदूचं ऑपरेशन एक वर्ष पुढे ढकललं होतं. साठ हजारांसाठी. त्या संध्याकाळचं वाईट वाटणं अजून पूर्ण गेलेलं नाही, आणि मुलं कागद घेऊन आली की मी इतकी तळमळून बोलते त्याचं कारण तेच आहे.

त्याच वेळी नव्या कर्जदाराला बाजारात साडेआठ टक्क्यांच्या आसपास कर्ज मिळत होतं. आम्ही जुने, म्हणून चौदा टक्क्यांवरच. आपण होऊन कुणी सांगायला आलं नाही. यजमानांनी दुसऱ्या बँकेत चौकशी केली. जुन्या संस्थेने बाहेर पडायचे दोन टक्के घेतले, म्हणजे ६,८०० रुपये, आणि कर्ज हलवलं. बँकेतला माणूस म्हणाला, आता हप्ता कमी करून देतो. आम्ही म्हटलं, हप्ता तोच ठेवा. त्या एका वाक्याने २०१३ ला संपायचं कर्ज २०१० मध्ये संपलं. तीन वर्षांचे हप्ते, सुमारे दोन लाख रुपये, आमच्याकडे राहिले. मुलीच्या इंजिनिअरिंगची पहिली दोन वर्षं त्यातच निघाली.

आज परिस्थिती बरी आहे, हेही सांगायला हवं. बदलत्या व्याजदराचं गृहकर्ज मुदतीआधी फेडलं तर बँकांना २०१२ पासून दंड घेता येत नाही. २०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांची अशी नवी कर्जं रेपोसारख्या (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते त्या) बाहेरच्या दराला जोडलेली असतात, त्यामुळे दर उतरला तर तो कर्जदारापर्यंत पोचतो. कर्ज फिटल्यावर मूळ कागद तीस दिवसांत परत द्यायचे, उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, असा नियम २०२३ च्या डिसेंबरपासून आहे. आम्ही विक्रीखतासाठी चार महिने खेपा घातल्या होत्या.

पण बदलता दर दोन्हीकडे बदलतो. २०२१ मध्ये माझ्या एका विद्यार्थ्याने पावणेसात टक्क्यांनी ४० लाख घेतले, वीस वर्षांसाठी, हप्ता ३०,४१५. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर चारवरून साडेसहावर नेला. त्याचं व्याज सव्वानऊ झालं, हप्ता मात्र तोच राहिला. तो खूश होता, "टीचर, माझा हप्ता वाढलाच नाही." मी शिल्लक विचारली. सुमारे ३८ लाख. त्यावर महिन्याचं व्याजच २९,२७० रुपये. मुद्दलात जात होते अकराशे. त्या वेगाने कर्ज फिटायला आणखी पस्तीस वर्षं लागली असती, उरलेली मुदत होती अठरा. पुढे ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना बजावलं की दर बदलताना कर्जदाराला विचारा, हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही. त्याने हप्ता वाढवून घेतला. २०२५ मध्ये दर उतरायला लागले तेव्हा मी त्याला फोन करून सांगितलं, आता तो कमी करायला जाऊ नकोस.

काही जण वाद घालतात, आणि त्यांचं म्हणणं खोटं नसतं. तीस वर्षांनंतरचा रुपया आजच्याएवढा नसतो, पगार वाढतो, हप्ता हळूहळू हलका होतो. आमचाही झाला. १९९८ मध्ये माझ्या पगाराचा मोठा वाटा खाणारा हप्ता २०१० मध्ये जाणवेनासा झाला होता. पण माझी नोकरी अनुदानित शाळेतली होती. कुंडईच्या कारखान्यातली तशी असते का? बत्तिसाव्या वर्षी तीस वर्षांचं कर्ज घेतलं तर बासष्टाव्या वर्षापर्यंत हप्ता. त्या वयात पगार कुठून येणार, हे मी प्रत्येकाला विचारते. वीस वर्षांचा हप्ता झेपत नसेल तर फ्लॅट लहान घ्या, किंवा दोन वर्षं थांबून स्वतःची रक्कम वाढवा, असं माझं स्पष्ट मत आहे. ते ऐकायला कुणालाच आवडत नाही.

कर वाचतो हे दुसरं कारण सांगतात. स्वतः राहायच्या घराच्या व्याजावरची दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीत आहे. नवी पद्धत घेतली तर ती मिळत नाही. आणि मिळाली तरी, ४० लाखांच्या कर्जावर पहिल्या वर्षाचं व्याज ३ लाख ३७ हजार असतं. तीस टक्के कर भरणाऱ्याचे वाचतात साठ हजारांच्या आसपास. बाकीचे गेलेलेच.

आपल्या गोव्यात आणखी एक गोष्ट आहे. इथे घर नाही असं कुटुंब क्वचितच. गावात वडिलोपार्जित घर असतं, चवथीला गणपतीवरची फळापानांची माटोळी तिथेच बांधली जाते. पण वन-फोर्टीनच्या, म्हणजे जमिनीच्या हक्काच्या, उताऱ्यावर आजोबांच्या भावंडांपासून सगळ्यांची नावं असतात, वाटण्या झालेल्या नसतात. अशा घराच्या दुरुस्तीला किंवा त्यावर मजला चढवायला बँक सहसा कर्ज देत नाही. जमीन कोमुनिदादीची, म्हणजे गावसंस्थेची, असली किंवा मुंडकारीचा (दुसऱ्याच्या जमिनीवर घर करून राहणाऱ्याच्या हक्काचा) प्रश्न अडकलेला असला तर विचारायलाच नको. मग माणूस फ्लॅटकडे वळतो. म्हापसा-पर्वरीकडे सुट्टीसाठी घर घेणारे बाहेरचे लोक जो भाव देतात, तोच भाव इथल्या नोकरदाराला पडतो. त्यामुळे कर्ज मोठं होतं आणि मोठं कर्ज पगारात बसवायला मुदत लांबते. भावंडांनी बसून वाटण्या केल्या तर कितीतरी तरुण जोडप्यांना एवढं कर्ज लागणारच नाही. हे मी लग्नसमारंभात बोलते आणि काहींचा राग ओढवून घेते.

कर्जाची किंमत मोजताना हप्त्याबाहेरचं काय काय विसरतं, तेही सांगते. ३० ते ७५ लाखांच्या कर्जात बँक घराच्या किमतीच्या जास्तीत जास्त ८० टक्के देते, आणि मुद्रांक शुल्क, नोंदणी त्या किमतीत धरत नाही. म्हणजे ५० लाखांच्या घराला तुमचे १० लाख आणि वर हा खर्च, रोख. बांधकाम चालू असलेल्या फ्लॅटवर साधारण पाच टक्के जीएसटी, ऑक्युपन्सी (राहायला परवानगीचा दाखला) मिळालेल्यावर नाही. इमारत होईपर्यंत दिल्या गेलेल्या रकमेवर नुसतं व्याज भरत राहायची सोय असते, तिने मुद्दलाचा एक रुपयाही फिटत नाही. माझ्या एका विद्यार्थिनीच्या बिल्डरने दीड वर्ष उशीर केला, ती घरभाडं आणि व्याज दोन्ही भरत राहिली. कर्जाला जोडून विमा देतात आणि त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच घालतात. तो १ लाखाचा असला तर साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत त्याचे २ लाख ८ हजार होतात. विमा हवाच, पण तो वेगळा, दरवर्षी भरायचा घ्या.

आणि ज्याने सगळ्यात जास्त फरक पडतो ते. वर्षातून एक हप्ता जास्त भरा. बोनसमधून, नारळ-काजूच्या पैशातून, कुठूनही. पहिल्या वर्षापासून भरलात तर वीस वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांच्या आसपास संपतं आणि आठ लाखांच्या वर वाचतात. भरताना "मुदत कमी करा, हप्ता नको" असं लिहून द्या. हे काम सुरुवातीच्या वर्षांतच करायचं, कारण तेव्हा भरलेल्या रुपयावरचं पुढच्या सगळ्या वर्षांचं व्याज टळतं. अठराव्या वर्षी भरलेला रुपया फारसं काही करत नाही.

मुलींसाठी वेगळं सांगायचं आहे. आपल्या गोव्यात लग्नाआधी वेगळा करार केलेला नसेल तर मालमत्ता नवरा-बायको दोघांची सामाईक असते. घर गहाण ठेवायला दोघांच्या सह्या लागतात. पोर्तुगीज काळापासून आलेला हा कायदा बायकांच्या बाजूचा आहे, मला त्याचा अभिमान वाटतो. पण मी १९९८ मध्ये सही केली तेव्हा जिथे पेन्सिलीची खूण होती तिथे केली. परतफेडीचा तक्ता मागितला नाही, यजमानांनीही मागितला नाही.

मागच्या रविवारी एक जोडपं आलं होतं. तो माझा विद्यार्थी, ती डिचोलीची. फ्लॅट कुर्टीला, कर्ज बरोबर ४० लाखांचं. तो हप्त्याबद्दल बोलत होता. तिने वही स्वतःकडे ओढून घेतली, रकान्यावरून बोट खाली नेलं आणि विचारलं, "टीचर, पाचव्या वर्षाच्या शेवटी आमचं किती उरतं?"

"३५ लाख २५ हजार," मी म्हटलं.

ती थोडा वेळ आकड्याकडे बघत राहिली. मग नवऱ्याला म्हणाली, "एक बेडरूमचा बघूया."